मिटायचं राहिलेलं अवतरण

पहाटे तीन वाजून बारा मिनिटांनी
कुणीतरी नावाच्या रकान्यात
नाव लिहिलं नाही.
एक अवतरणचिन्ह टाकलं नुसतं, एकेरी,
तांदळात राहिलेल्या खड्याएवढं.
मी धायरीत झोपले होते.

नारायण पेठेत, पिठाच्या गिरणीच्या वर
नलावडेबाईंचं पुनर्विवाह मंडळ.
त्याची वेबसाइट मी केलेली, २०१३ साली,
आठ हजार रुपये आणि एक चिवड्याचा डबा.

अप्पा शनिपाराजवळच्या छापखान्यात
मुद्रितं तपासायचे, कानावर लाल पेन्सिल.
अवतरण उघडलंस की मिटव, म्हणायचे,
नाहीतर पुढचं सगळं भलत्याच्या तोंडी जातं.
मी हो म्हणायचे
आणि टीव्हीचा आवाज वाढवायचे.

कॅम्पातल्या डिकून्हाबाईंच्या आडनावात
ते चिन्ह जन्मापासून होतं.
२०१६त त्यांचा फॉर्म अडकला,
पडद्यावर डेटाबेसची बडबड उमटली.
मी फोनवर म्हटलं, ते चिन्ह गाळून लिहा ना.
त्यांनी गाळलं.
माझी चूक झाकायला एका बाईनं
आपलं नाव कापून दिलं,
आणि मी थँक यू म्हटलं.

सकाळी सर्व्हरची नोंद उघडली.
तो चोराचं आणि पोस्टमनचं येणं
एकाच अक्षरात लिहून ठेवतो.
एका रात्रीत एकेचाळीस हजार विनंत्या.
माणूस नाही हा. माणूस मध्ये चहा पितो,
चुकतो, शिवी हासडतो.
हे अवजार, फुकटात मिळणारं.
कुणीतरी त्याला पत्ता दिला
आणि स्वतः झोपायला गेलं,
माझ्यासारखंच.

त्यानं दार फोडलं नाही.
ते विचारत राहिलं:
पहिलं अक्षर एमच्या पुढचं आहे का?
असेल तर पाच सेकंद थांब.
नसेल तर लगेच बोल.
आणि माझा डेटाबेस, बोलायची बंदी असलेला,
थांबत राहिला.
पाच सेकंद.
परत पाच.
अक्षरामागून अक्षर, उजाडेपर्यंत.

एक रकाना होता: पहिलं लग्न का मोडलं.
मी पाचशे अक्षरांची जागा ठेवली होती.
बाई म्हणाल्या, पुरत नाही गं कुणाला.
मग दोन हजार केली.
बायका समोर बसून सांगायच्या, बाई टाइप करायच्या,
आणि सांगता सांगता एखादी थांबली
की बाई पुढचा प्रश्न विचारत नसत.
उठून गिरणीच्या बाजूची खिडकी लावत.

ओळ दुरुस्त करायला अकरा मिनिटं लागली.
आता नाव म्हणजे नाव, हुकूम नाही;
कुणी काहीही लिहो, ते बंद लखोट्यातून आत जातं.
अकरा मिनिटं, बारा वर्षं.

रिक्षानं गेले. जिन्यात पिठाचा वास.
बाईंनी सगळं ऐकलं, चष्मा काढला.
कुणी वाचलं का गं ते?
ते वाचत नाही, म्हटलं. नुसतं उचलून नेतं.
वाचणारे नंतर विकत घेतात.

त्यांनी पोलिसांचा विषयही मग काढला नाही.
जुनी वही घेतली. तीनशे सव्वीस नंबर.
मला म्हणाल्या, तू बस इथेच.

पहिला फोन शिरूरला, एका शिक्षिकेला.
मी नलावडे. तुझं सांगितलेलं माझ्याकडून बाहेर गेलंय.
नाही, तुझं काही चुकलं नाही.
तिकडे शांतता.
खाली गिरणी सुरू होती, कुणाचं तरी ज्वारीचं दळण.
बाईंनी रिसीव्हर कानाला धरून ठेवला,
मोकळ्या हातानं खिडकी ओढून घेतली.
मी मोजत होते.
पाच सेकंद केव्हाच होऊन गेले.